क्लाटूचा न्याय आणि माळीणचा डोंगर

रॉबर्ट वाइझ यांच्या १९५१ सालच्या ‘द डे द अर्थ स्टुड स्टिल’ या चित्रपटातील परग्रहवासी क्लाटू वॉशिंग्टनमध्ये उतरतो, तो अणुयुगातील माणसाला ताकीद देण्यासाठी. स्कॉट डेरिक्सन यांच्या २००८ सालच्या पुनर्निर्मितीत तो न्यूयॉर्कला येतो, तो माणसापासून पृथ्वीला वाचवण्यासाठी. अन्य जीव सुरक्षित हलवायचे आणि माणूस तेवढा पुसून टाकायचा, हा त्याचा बेत. प्रत्येक काळ आपल्या भयानुसार जुनी कथा पुन्हा सांगतो. पुराणकथांचे आपण तेच केले. तेव्हा हा बदल आम्हांस गैर वाटत नाही. आमचा आक्षेप आहे तो ‘मानवजात’ नावाच्या एकाच आरोपीला.

जुन्नर तालुक्यातील खोडद परिसरात ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेनांची महाकाय रेडिओ दुर्बीण आहे. दूरच्या दीर्घिकांची कुजबुज ती ऐकते. शेजारच्याच आंबेगाव तालुक्यात ३० जुलै २०१४ रोजी अतिवृष्टीने डोंगर कोसळला, माळीण गाव गाडले गेले आणि १५१ माणसे दगावली. ती वार्ता बाहेर पोचवली एका एसटीचालकाने. नेहमीच्या जागी त्याला गावच दिसले नाही. दोष दुर्बिणीचा नव्हे, तिचे ते कामच नव्हे. पण आपले कान कोठे लागलेले असतात, हे मात्र त्यातून कळते.

ज्याच्या नावाने हा तालुका ओळखला जातो, ते जुने आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली आहे. डोंगरातली आदिवासी गावे उठली. पाणी खालच्या बागायतीला गेले. त्याच पट्ट्यातल्या उसात बिबट्याने बिऱ्हाड केले आणि त्याच्या भीतीत रात्रीचे पाणी धरतो तो शेतकरी आणि शेतमजूर. येथे अपराधी कोण आणि दंड कोणास? क्लाटूच्या तराजूत धरणाचा लाभधारक आणि विस्थापित यांचे वजन एकच भरते. असा न्याय भव्य दिसतो, पण तो आंधळा असतो. सर्वांनाच दोषी ठरवले की कोणालाच उत्तर द्यावे लागत नाही.

जयंत नारळीकरांच्या ‘प्रेषित’मुळे परग्रहावरचा पाहुणा मराठी वाचकास परका राहिलेला नाही. उद्याच्या मराठी विज्ञानकथेने त्याला खुशाल खोडदला उतरवावे. मात्र निवाडा देण्यापूर्वी त्याने एसटीने माळीणपर्यंत जावे, एवढीच आमची अपेक्षा.