आधी वाचा, मग बोला

'हे फॅड बाहेरून आलंय, आपल्याकडे असलं काही नव्हतंच!' कट्ट्यावर समलैंगिकतेचा विषय निघाला की हे वाक्य ठरलेलं. तुम्हीही ऐकलं असेल, कदाचित म्हटलंही असेल.

मग रूथ वनिता वाचाच. सलीम किडवाई यांच्यासोबत त्यांनी २००० साली 'सेम-सेक्स लव्ह इन इंडिया' हे पुस्तक आणलं. त्यात संस्कृत, फारसी, उर्दू, बंगाली अशा कितीतरी भाषांमधलं दोन हजार वर्षांचं साहित्य आहे. कृत्तिवासाच्या बंगाली रामायणाच्या काही प्रतींत तर भगीरथाचा जन्म दोन राण्यांच्या प्रेमातून होतो! बाहेरून आलं ते कलम ३७७. इंग्रजांनी १८६० च्या दंडसंहितेत ते घातलं. संमतीने एकत्र येणाऱ्या प्रौढांची त्यातून सुटका व्हायला २०१८ उजाडलं.

वनितांचं 'लव्हज् राइट' २००५ चं. मध्य प्रदेशातल्या दोन महिला पोलिसांनी १९८७ मध्ये लग्न केलं आणि नोकरी गमावली, ही गोष्ट त्यात भेटते.

खरं तर हक्कांसाठी जुने पुरावे लागूच नयेत. पण 'तू इथला नाहीसच' असं रोज ऐकणाऱ्याला इतिहास धीर देतो. तुमच्या वर्गातही असं कुणीतरी गप्प बसलेलं असेल. म्हणून ही पुस्तकं लायब्ररीत नसतील तर मागवायला लावा. आणि कट्ट्यावर पुन्हा ते वाक्य आलं, तर तुम्ही तरी गप्प बसू नका.