‘काही नाही’ नावाचा मासा



गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस कोगनोळीस एका घरी प्रार्थनेसाठी गेलो होतो. प्रार्थना आटोपून बाहेर येतो, तो परड्यातील हौदाभोवती मुलांचा घोळका जमलेला. आरोग्य केंद्राच्या ताई प्लॅस्टिकच्या पिशवीतून हौदात मासे सोडीत होत्या. मासे कसले, करंगळीच्या दोन पेरांएवढे जीव. रंग राखेसारखा, पाण्यात पडताच दिसेनासे झाले. त्या घरातील आठ वर्षांच्या मुलाने मला विचारले, “फादर, ह्येंचं नाव काय?” मी काही बोलण्यापूर्वीच ताई म्हणाल्या, “गप्पी मासे म्हणतात त्यांना.” मुलाने हौदात वाकून पाहिले व म्हणाला, “मग बोलत का न्हाईत?”

सगळे हसले. मीही हसलो, परंतु प्रश्न काही खोटा नव्हता. नाव ठेवायचे ते उगीच का ठेवतात? ताईंच्या हातातील पुस्तिकेत त्या माशाचे शास्त्रीय नाव छापले होते : गांबुसिया आफिनिस. माशांविषयीचे माझे ज्ञान बेताचेच. पण सेमिनरीत वर्षानुवर्षे लॅटिन घोकलेल्या माणसाला असा शब्द दिसला, की तो सोडवल्यावाचून चैन पडत नाही. त्यातील दुसरा शब्द माझ्या चांगल्याच परिचयाचा निघाला. पहिला मात्र लॅटिन नव्हेच. “पुढच्या वेळी येताना अर्थ घेऊन येतो,” असे त्या मुलास वचन देऊन मी निघालो आणि घरी येऊन पुस्तके उघडली.

प्रथम ‘गप्पी’चा उलगडा करू. हे नाव खरे पाहता दुसऱ्याच एका माशाचे आहे. तो दक्षिण अमेरिकेच्या बाजूचा, त्याचे नर रंगीबेरंगी शेपटीचे. वेस्ट इंडीजमधील त्रिनिदाद बेटावर लेशमिअर गप्पी नावाचे एक निसर्गाभ्यासक राहत असत. त्यांनी हा मासा लंडनच्या संग्रहालयाकडे पाठविला, आणि 1866 साली तेथील पंडित ग्युंथर यांनी त्यांच्या आडनावावरून त्याचे नामकरण केले. तेव्हा गप्पी हे एका सद्गृहस्थाचे आडनाव. आपल्या कट्ट्यावरच्या गप्पांशी त्याचा काडीचा संबंध नाही. डासांच्या अळ्या खाणारा कोणताही बारीक मासा दिसला, की आपण त्याला सरसकट गप्पी म्हणतो, एवढेच. आपल्या सीमाभागात त्याला आणखी एक नाव आहे. कन्नड पत्रकांत त्याला लार्वाहारी मीनु, म्हणजे अळ्या खाणारा मासा, असे छापतात. हे नाव निदान खरे बोलते.

कोगनोळीच्या हौदातील मासा उत्तर अमेरिकेचा. त्याचे कुळ ‘गांबुसिया’ ह्या नावाखाली प्रथम मांडले ते क्यूबा बेटावरील हवाना शहराचे विद्वान फेलिपे पोए यांनी, 1854 साली. हा शब्द त्यांनी ना लॅटिनमधून घेतला, ना ग्रीकमधून; तो आपल्या बेटावरील कोळ्यांच्या बोलीतून उचलला. ‘गांबुसिनो’ म्हणजे त्या बोलीत ‘काही नाही’. एखादा कोळी दिवसभर गळ टाकून रित्या हाताने परतला आणि कोणी विचारले, की बाबा, आज काय धरलेस, तर इतर थट्टेने उत्तर देत, की ह्याने गांबुसिनो धरले! इतका क्षुल्लक मासा, की धरला काय नि न धरला काय, सारखेच. म्हणून पोए यांनी त्याला तेच नाव देऊन टाकले. शास्त्राच्या गंभीर ग्रंथांत कोळीवाड्यातील ही थट्टा अशी कायमची नोंदली गेली.

हे वाचले, तेव्हा मला गनेसरेतचे सरोवर आठवल्यावाचून राहिले नाही. संत पेत्र आणि त्याचे सोबती रात्रभर जाळी टाकून सकाळी किनाऱ्याला आले, तेव्हा त्यांच्या होडीत काय होते? गांबुसिनो! प्रभूने पुन्हा खोल पाण्यात जाण्यास सांगितले ते अशाच ‘काही नाही’ धरून आलेल्या दमलेल्या माणसांना. त्या रात्रीवाचून पुढची सकाळ शुभवर्तमानात आलीच नसती.

आता दुसरा शब्द, आफिनिस. हा अस्सल लॅटिन. त्याचा अर्थ लगतचा, आणि नात्याने पाहिल्यास लग्नाने जोडलेला. म्हणजे आपल्या भाषेत सोयरा. विवाहाच्या कागदपत्रांत आम्हां धर्मगुरूंना ‘आफिनितास’ हा शब्द भेटतो. लग्नामुळे जडणाऱ्या सोयरिकीला ख्रिस्तसभेच्या कायद्यात हेच नाव आहे, आणि त्या सोयरिकीतील कोणाशी विवाह होऊ शकत नाही तेही तेथे सांगितलेले आहे. माशाला हे नाव दिले अमेरिकेतील बेअर्ड व जिरार या दोन पंडितांनी, 1853 साली. हा मासा आधीच ठाऊक असलेल्या दुसऱ्या एका माशाचा जवळचा दिसतो, एवढेच त्यांना म्हणायचे होते. गंमत पाहा, की त्यांच्या हाती हे मासे आले ते टेक्सासमधील ओढ्यांतून. आणि ते गोळा करणारे लोक तेथे मासेमारीला गेले नव्हते, तर अमेरिका आणि मेक्सिको या दोन देशांमधील सीमा मोजण्याच्या मोहिमेवर होते. सीमेच्या मोजणीत सापडलेल्या माशाचे नाव ‘सोयरा’ पडावे आणि तो फिरत फिरत कोगनोळीच्या नाक्याजवळ येऊन राहावा, हे आपल्यासारख्या सीमाभागातील माणसांना विशेष समजेल. आपल्याकडे अर्धे सोयरे कागलकडचे आणि अर्धे निपाणीकडचे. सीमेची रेघ मध्येच कोठेतरी.

दोन्ही शब्द जोडून सरळ मराठी करावयाचे, तर हौदातील त्या जीवाचे पूर्ण नाव झाले ‘काही नाही सोयरा’.

मग हा काही नाही इतक्या दूर आला कसा? उत्तर आहे हिवतापात. हिवतापाचे ‘मलेरिया’ हे नावही चुकलेले नाव होय. इटालियन भाषेत माल आरिया म्हणजे वाईट हवा. दलदलीवरील दूषित हवेने हा ताप येतो, असे लोक पिढ्यानपिढ्या समजत होते. 1897 साली सिकंदराबादेत रोनाल्ड रॉस यांना डासाच्या पोटात त्या तापाचे जंतू सापडले आणि हवा निर्दोष ठरली. डास मारायचा, तर तो उडण्यापूर्वीच पाण्यात मारणे सोपे. डासाची अळी श्वासासाठी पाण्याच्या पृष्ठभागाशी येते, आणि गांबुसियाचे तोंड वरच्या बाजूस वळलेले असते, जणू पाण्याच्या छताला चिकटलेले अन्न टिपण्यासाठीच घडविलेले. पूर्ण वाढलेला एक मासा दिवसाकाठी शंभर ते तीनशे अळ्या फस्त करतो, असे आपल्या आरोग्य खात्याच्या पुस्तिका सांगतात. शिवाय त्याची मादी अंडी घालीत नाही. ती पिलांनाच जन्म देते, तेही साधारणपणे महिन्या-महिन्याने. थोडे मासे सोडले तरी हौद लवकरच भरतो. म्हणून 1905 साली तो टेक्सासमधून हवाई बेटांवर गेला, 1921 साली स्पेनमध्ये आला, पुढच्या वर्षी इटलीत, आणि इटलीहून 1928 साली आपल्या देशात. कोळ्यांनी ज्याला काही नाही म्हटले, त्याला सरकारांनी जहाजातून मानाने नेले.

येथेच थांबलो असतो, तर गोष्ट गोड झाली असती. पण पुस्तकाचे पुढचे पान उलटावे लागले. ऑस्ट्रेलियात ह्याच कुळातला मासा 1925 साली नेला. त्याने तेथील झऱ्यांतील चिमुकले मूळ मासे, त्यांची अंडी आणि बेडकांची पिले यांच्यावर असा ताव मारला, की लोक आता त्याला प्लेगचा मासा म्हणतात. जागतिक निसर्गसंवर्धन संघाने जगातील अत्यंत घातक अशा शंभर परक्या जीवांची यादी केली आहे. तीत आपल्या ‘सोयऱ्या’चे नाव आहे. त्याला सोडताना अळीवाचून दुसरे काही तो खाणार नाही, असे जणू गृहीतच धरले गेले. भुकेल्या जिवाने समोर येईल ते खाल्ले, यात त्याचा अपराध तो कोणता? अपराध त्याला भलत्या पाण्यात सोडणाऱ्यांचा.

म्हणून आमच्या घरोघरच्या मंडळींना माझी कळकळीची विनंती आहे. बंद हौदात, ज्याचे पाणी बाहेर वाहून जात नाही अशा टाक्यात, आरोग्य केंद्राची मंडळी हे मासे सोडतील तर सोडू द्यावेत. परंतु हौद धुताना ते उचलून ओढ्यात, तळ्यात किंवा दूधगंगा-वेदगंगेत नेऊन टाकू नयेत. मुले हे दयेपोटी करतात. त्यांना समजावून सांगावे. आणि मासे आहेत म्हणून निश्चिंतही राहू नये. डेंगीचा डास करवंटीत, फुटक्या टायरात, फुलदाणीत, वाटीभर पाण्यातही वाढतो. तेथे मासा काय करणार? आठवड्यातून एकदा ती भांडी पालथी करावीत आणि पिंपावर फडके बांधावे.

आपल्या पाण्यातही अळ्या खाणारे मूळचे मासे आहेत, हे आपण विसरतो. त्यांपैकी एकाच्या कपाळावर चकाकणारा ठिपका असतो, आणि तो पाण्याच्या अगदी वरच्या थराला राहतो. केरळातील लोक त्याला मानत्तुकण्णी म्हणतात. आकाशाकडे डोळे लावलेली, असा त्याचा भावार्थ. हे नाव ज्याने प्रथम उच्चारले, त्याने त्या माशाकडे घटकाभर नीट पाहिले असले पाहिजे. उत्पत्तीच्या पुस्तकात देवाने सारे प्राणी आदामापुढे आणले ते तो त्यांना काय नावे देतो हे पाहण्यासाठी. आदामाने त्या वेळी घाई केली नसावी, असे मला वाटते.

महिन्याने मी पुन्हा त्या घरी गेलो. मुलाला अर्थ सांगितला. “काय न्हाई?” तो म्हणाला, “आन एवढं डास खातोय!” त्याला ते नाव फारच आवडले. परंतु पलीकडे भिंतीला टेकून त्याची आजी बसली होती, मांडीवर वीस दिवसांची नात घेऊन. ह्या मुलाच्या पाठची ही तिसरी मुलगी. बाळाचे नाव काय ठरविले, असे मी विचारले. आजी म्हणाली, “नाव कसलं, फादर? नकुशी म्हणायचं न् काय.” कोपऱ्यात बाळंतीण खाली मान घालून बसली होती. कोणी काही बोलले नाही.

नकुशी हे नाव ज्यांनी ऐकलेले नाही, त्यांना सांगतो : नको असलेली. हा काही एका आजीचा दोष नव्हे. आपल्या ह्याच महामार्गाने उत्तरेस गेले, की सातारा लागते. तेथे 2011 सालच्या ऑक्टोबर महिन्यात 285 मुलींची ही असली नावे एका समारंभात बदलण्यात आली. त्या मुली स्वतः पुढे येऊन नवी नावे घेऊन गेल्या. नवे नाव मिळाल्याचे पत्र हाती आले, तेव्हा त्यांच्यातील कितीतरी जणी शाळेत जाण्याच्या वयाच्या होत्या. म्हणजे रोज हजेरीला त्यांनी ‘नको असलेली हजर’ असेच म्हटले असणार.

आजी मला म्हणाली, की पूर्वी दगडू, धोंडू अशी नावे ठेवीत नसत काय? ठेवीत असत; आणि आमचा पहिला पोप तर साक्षात दगडूच होता, हेही मी तिला सांगितले. सिमोनाला प्रभूने ‘खडक’ हे नाव दिले. पण दगडू हे नाव ठेवणारी आई मनात म्हणत असे, की ह्याला कोणाची दृष्ट लागू नये, हा मला जगायला हवा. ओबडधोबड नावाखाली ती आपले प्रेम लपवीत असे. नकुशीच्या खाली काय लपविले आहे? आजीने उत्तर दिले नाही. ती बाळाच्या अंगावरील दुपटे सारखे करीत राहिली.

मी तिला आणखी एक गोष्ट सांगितली, आणि ती येथे सर्वांसाठी लिहून ठेवतो. ख्रिस्तसभेच्या 1983 सालच्या कायदेसंहितेत, आठशे पंचावन्नाव्या नियमात, स्नानसंस्काराच्या वेळी ख्रिस्ती भावनेला परके असे नाव दिले जाऊ नये, याची जबाबदारी आईबापांवर, धर्ममातापित्यांवर आणि धर्मगुरूवर टाकलेली आहे. तेव्हा ‘नकुशी’ हे नाव माझ्या नोंदवहीत माझ्या हातून लिहिले जाणार नाही. आजीला राग आला, हे मी लपवीत नाही. चहाचा पेला तिने माझ्यापुढे जरा जोरातच ठेवला.

त्या रविवारी काही कळले नाही. पुढच्या आठवड्यात बाळाचे वडील सायकलवरून आले आणि स्नानसंस्काराची तारीख मागितली. नाव आईने सुचविले होते. संस्काराच्या दिवशी धर्ममाता ऐन वेळी आजारी पडली, म्हणून बाळाची एक आत्या धावत आली. हे सर्व होईपर्यंत आजी मागच्या बाकावर बसून होती. मी नाव विचारले, तेव्हा आईने ते हलक्या आवाजात उच्चारले. मागून आजीने तेच नाव पुन्हा, मोठ्याने म्हटले. बहुधा मला ऐकू गेले नसावे असे तिला वाटले. ते नाव येथे छापीत नाही. ती मुलगी मोठी होऊन स्वतःच ते सांगील.

हौदाची बातमी मुलाने आणली. मासे पुष्कळ वाढले आहेत. शेजारच्या घरचा कोणी विचारतो, की तुमच्या हौदात काय आहे, तर हा पठ्ठ्या सांगतो, “काय न्हाई!” आणि शेजारी हौदात डोकावतो, तो पाण्याच्या वरच्या थराला तोंडे लावून तीसचाळीस ‘काय न्हाई’ इकडून तिकडे पळत असतात.