सँडविच आणि सोवळे

(द्वितीय वर्ष, कला)

यंदाच्या आनंदमेळाव्यात आम्ही एस. वाय.च्या पाच मुलींनी एक स्टॉल लावला होता. भेळ आणि पाणीपुरी दरवर्षी असतेच, म्हणून काही निराळे करायचे ठरले. पावात भाजलेले रताळे, अननस आणि ओले खोबरे ही झाली पॉलिनेशियाची बाजू. त्यावर लाल तिखट, मिरी, लसूण व कांदा यांचा झणझणीत मसाला ही अमेरिकेच्या लुइझियाना राज्यातील केजन लोकांची. त्या मसाल्यात थाइमचा पाला लागतो, तो आम्हांला कुठला मिळायला? आम्ही ओवा घातला. वास पुष्कळसा जुळतो. रताळी माझ्या आईने पऱ्हाट्यांच्या निखाऱ्यांत भाजून दिली, भरताचे वांगे भाजते तशीच.

दुपारपर्यंत सगळा माल खपला. पण एका मित्राने खाता खाता शेरा मारला, "ही कसली भेसळ? ना धड इकडचे, ना धड तिकडचे!" तो हसत म्हणाला, पण मला ते लागले.

मित्रहो, मला विचारायचे आहे की निर्भेळ अन्न दाखवा तरी कोणते? ज्या मिरचीवाचून आपला ठेचा होत नाही ती अमेरिका खंडातून पोर्तुगीजांच्या मार्फत आपल्याकडे आली. 'पाव' हा शब्दही त्यांचाच. हवाई बेटांवरचा गोड पावसुद्धा 1878 पासून तेथील उसाच्या मळ्यांत राबायला गेलेल्या पोर्तुगीज मजुरांनीच नेला. हवाईचा म्हणून मिरवणारा अननस मूळचा दक्षिण अमेरिकेतला. रताळेही तिकडचेच, पण ते युरोपियन लोक पोहोचण्याआधीच पॉलिनेशियाच्या बेटांवर रुजले होते. आणि गंमत म्हणजे, ज्या अर्ल ऑफ सँडविचवरून या खाद्याला नाव पडले, त्याच्याच नावाने कॅप्टन कुकने 1778 मध्ये हवाईला 'सँडविच बेटे' म्हटले होते! तेव्हा अन्नाला सोवळे नेसवण्यात अर्थ नाही.

परंतु चूक आमचीही झाली होती. आम्ही फळ्यावर दोन लोकांची नावे झोकात लिहिली, आणि ते लोक कोण हे आम्हांला ठाऊकही नव्हते. मेळावा संपल्यावर मी ग्रंथालयात जाऊन वाचले.

केजन हे मूळचे ॲकेडियाचे, म्हणजे आजच्या कॅनडातील नोव्हा स्कोशिया भागातले फ्रेंच शेतकरी. 1755 पासून इंग्रजांनी त्यांना घरादारांतून हुसकून लावले. त्यांतले पुष्कळजण पुढे लुइझियानात येऊन वसले. तेथे 1921 च्या राज्यघटनेने शाळेत इंग्रजी सक्तीची केली आणि फ्रेंच बोलणाऱ्या मुलांना शिक्षा होऊ लागल्या. हवाईतही तेच. 1893 मध्ये तेथील राणीचे राज्य उलथवले गेले, 1896 च्या कायद्याने शाळा इंग्रजी झाल्या, आणि आपल्या आजीची भाषा बोलणाऱ्या पोरांना मार बसू लागला. म्हणजे त्यांच्या ताटातले जगाला चालले, तोंडातले मात्र चालले नाही!

हे वाचताना मला माझा एफ. वाय.चा पहिला दिवस आठवला. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. वर्गात ओळख करून देताना तोंडातून 'मनी माय' असे निघून गेले आणि वर्ग हसला. त्या दिवसापासून मी अहिराणी कॉलेजच्या फाटकाबाहेर ठेवून येते. आता गावी गेले की बाया म्हणतात, पोरगी पुस्तकासारखी बोलते. 'ना धड इकडचे, ना धड तिकडचे' हे का लागले ते आपल्या ध्यानात आले असेल. आणि हसणाऱ्या त्याच वर्गाने आईच्या हातचे कळण्याच्या भाकरीचे जेवण मात्र बोटे चाटत खाल्ले आहे.

माझे मत असे आहे की मिसळण्यात कमीपणा नाही. कमीपणा आहे तो चव तेवढी घेऊन माणूस विसरण्यात. हवाईच्या लोकांनी 1978 मध्ये आपल्या भाषेला राज्यभाषेचा मान परत मिळवला. लुइझियानातही फ्रेंच जगवण्यासाठी 1968 मध्ये सरकारी मंडळ निघाले. आपल्याला कायदा नको. या वार्षिकाच्या पुढच्या अंकात चार पाने तेवढी हवीत. अहिराणी, तावडी, पावरी, ज्याची जी घरची बोली असेल तीत त्याने लिहावे. संपादक मंडळाने मनावर घ्यावे, आणि सरांनी-बाईंनी त्यातले 'अशुद्ध' लाल शाईने खोडू नये.

पुढच्या मेळाव्यातही आम्ही सँडविच करणार आहोत. या वेळी फळ्यावर नावाखाली त्या दोन्ही लोकांची हकिकत चार ओळींत लिहू. आणि रताळी भाजायला मनी माय येणार आहे.