वडा घरचा, पण तेल?

घरी केलेला डाळवडा म्हणजे पथ्याचा, असे सर्रास मानले जाते. ते निम्मेच खरे आहे. हरभऱ्याची डाळ चार तास भिजवून, पाणी न घालता भरड वाटली की वडा सोड्याशिवायही कुरकुरीत होतो. सोडा घातला तर तो तेल जास्त पितो आणि सोडियमही वाढते. तेल नीट तापण्याआधी वडे सोडले, तरी ते तेलकटच होतात.

खरा प्रश्न उरलेल्या तेलाचा आहे. महागाचे तेल टाकवत नाही, म्हणून त्यातच ताजे ओतून आठवडाभर तळण चालते. पुन्हा पुन्हा तापलेल्या तेलात अपायकारक ध्रुवीय संयुगे साठत जातात. ती २५ टक्क्यांवर गेलेले तेल वापरू नये, असा अन्न सुरक्षा प्राधिकरणाचा नियम २०१८ पासून लागू आहे. पण तो खाद्य व्यावसायिकांसाठी. घरच्या कढईवर लक्ष घरच्यांनीच ठेवायचे.

म्हणून कढई लहान आणि तेल बेताचे घ्यावे. उरलेले गाळून दोन दिवसांत फोडणीत संपवावे. काळवंडले किंवा फेसाळू लागले तर सरळ टाकावे. आणि वडे निथळायला वर्तमानपत्र घेऊ नये, हेसुद्धा नाही. शाई वाचण्यासाठी असते.