जिंकलें कोणीं, आणि बुडालें कोण?

मूकपटांच्या काळांतील अमेरिकन ‘वेस्टर्न’ चित्रपटांविषयीं आमच्या रसिकांचें एक ठरीव मत आहे. एक सुंदरी, दोन प्रतिस्पर्धी, थोडी घोडदौड आणि शेवटीं लग्न. अशा निरुपद्रवी करमणुकीची चिकित्सा ती काय करावयाची? आमचें म्हणणें असें कीं, चिकित्सा नेमकी येथेंच करावयास हवी.

हेन्री किंग यांचा १९२६ सालचा ‘द विनिंग ऑफ बार्बरा वर्थ’ हा चित्रपट घ्या. कॅलिफोर्नियाच्या वाळवंटांत कोलोरॅडो नदीचें पाणी आणण्याची ही कथा. शहरांतून आलेला इंजिनिअर होम्स (रोनाल्ड कोलमन) आणि त्या प्रांतींचाच एब ली (गॅरी कूपर) हे दोघेही बार्बरेवर (व्हिल्मा बँकी) अनुरक्त आहेत. दोघांपैकीं एकालाही खलपुरुष केलेलें नाहीं, हें या चित्रपटाचें औदार्य. नेवाडांतील ब्लॅक रॉक वाळवंटांत टिपलेलीं त्यांतील दृश्यें आजही डोळे दिपवितात. हें सारें आम्हांस मान्य आहे.

परंतु इतिहास काय सांगतो? कालव्यासाठीं मेक्सिकोच्या हद्दींत नदीच्या कांठास पाडलेल्या तोंडावर पाणी आवरणारे दरवाजे बांधलेलेच नव्हते. १९०५ सालीं पुरानें तें तोंड फोडलें. १९०७ च्या फेब्रुवारींत खिंडार बुजेपर्यंत नदी सखल भागांत लोटत राहिली, आणि साल्टन समुद्र हें विस्तीर्ण सरोवर निर्माण झालें. काहुइया या मूळ रहिवाशांच्या टोरेस-मार्टिनेझ या राखीव भूमीचा मोठा भाग त्याखालीं गेला.

चित्रपटांत या अनर्थाचें खापर ग्रीनफील्ड या लोभी भांडवलवाल्याच्या माथीं फुटतें, होम्सला बार्बरा लाभते, आणि प्रेक्षक समाधानानें घरीं जातो. ज्यांची भूमि बुडाली, ते या चढाओढींत कोठेंच नाहींत! हॅरोल्ड बेल राइट यांच्या १९११ च्या कादंबरीचेंच नांव चित्रपटानें कायम ठेविलें. त्या नांवांतील ‘जिंकणें’ या शब्दांतच सारी मेख आहे. बार्बरा आपला वर स्वतः निवडते, हें खरें. तरी शीर्षकाच्या लेखीं ती जिंकलेलीच, आणि वाळवंटही जिंकलेलेंच.

प्रणयाच्या चढाओढीस आमचा विरोध नाहीं. कालिदासापासून ती काव्याची शोभा आहे. विरोध आहे तो तिचें पांघरूण करण्यास. कोणत्या प्रियकराची सरशी झाली एवढेंच पाहण्याची संवय ज्यास लागली, तो पाणी कोणाच्या घरांत शिरलें, हें विचारावयाचें विसरतो. रसिकतेनें इतकें आंधळें होण्याचें कारण नाहीं.