नंबर दोनची खुर्ची

रविवारी रात्री बारा वाजता तुमच्या डोक्यात काय चालू असतं? उद्या सोमवार, पुन्हा ऑफिस! पण 28 मे 2023 च्या रात्री लात्व्हियातल्या नोकरदारांची चंगळ झाली. त्यांचे खासदार चक्क मध्यरात्री संसदेत जमले आणि सोमवारची सुट्टी जाहीर करून मोकळे झाले. कारण? आइस हॉकी! त्या दिवशी त्यांच्या टीमनं अमेरिकेला ओव्हरटाइममध्ये 4-3 असं हरवून वर्ल्ड चॅम्पियनशिपमधलं देशाचं पहिलंवहिलं मेडल पटकावलं होतं. ब्राँझ. अख्ख्या देशाची लोकसंख्या किती, तर जेमतेम 19 लाख!

या टीमचा कोच होता हारिस विटोलिन्श. त्याचा बायोडाटा बघाच.

जन्म 1968, रिगा. सोव्हिएत काळात दिनामो रिगाकडून खेळला. आइस हॉकीवाल्यांची ड्रीम कंपनी म्हणजे अमेरिका-कॅनडातली एनएचएल. तिथे 1993-94 च्या सीझनमध्ये विनिपेग जेट्सनं त्याला चान्स दिला. मॅचेस किती मिळाल्या? आठ. संपलं. पुढे तो स्वित्झर्लंडमधल्या क्लबांकडून खेळला.

खेळणं थांबल्यावर तो कोचिंगकडे वळला आणि दिनामो रिगातल्या जुन्या सहकाऱ्याचा, ओलेग झ्नारोकचा असिस्टंट झाला. ही जोडी भन्नाट जमली. डायनामो मॉस्कोनं 2012 आणि 2013 ला गागारिन कप जिंकला. मग 2014 मध्ये रशियन टीमला वर्ल्ड चॅम्पियनशिपचं गोल्ड आणि 2018 मध्ये रशियन खेळाडूंना ऑलिंपिकचं गोल्ड. फोटोत पुढे झ्नारोक, शेजारी आपला विटोलिन्श. त्यातून ऑलिंपिकमध्ये कोचला मेडल देतच नाहीत!

मधे 2014-15 मध्ये तो स्वतः डायनामोचा हेड कोच होता. त्यानंतर पुन्हा असिस्टंट. आपल्याकडे याला काय म्हणतील? डिमोशन! नातेवाईक तर विचारून विचारून जीव घेतील. हा मात्र कामाला लागला.

2021 मध्ये लात्व्हियाच्या टीमची सूत्रं त्याच्याकडे आली, वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी. आणि 2023 च्या स्पर्धेत पहिलीच मॅच, तीही घरच्या रिगात, कॅनडाकडून 6-0! एवढा मार खाल्ल्यावर कुठल्याही टीमचे खांदे पडले असते. पण याच टीमनं क्वार्टर फायनलमध्ये स्वीडनला 3-1 असं घरी पाठवलं. सेमीफायनलमध्ये पुन्हा कॅनडा, पुन्हा हार, पण या वेळी 4-2. आणि पहिल्या पराभवानंतर सोळाव्या दिवशी ब्राँझ.

सगळ्याच असिस्टंट लोकांना त्रेपन्नाव्या वर्षी मोठी खुर्ची मिळते असं नाही, हे आपल्यालाही माहितीय. पण दुसऱ्याच्या हाताखाली काढलेली वर्षं फुकट गेली म्हणून रात्री कूस बदलत असाल, तर हा बायोडाटा एकदा आठवा. जिंकणाऱ्या टीम्स कशा बांधतात, हे विटोलिन्शनं त्या शेजारच्या खुर्चीत बसूनच तर पाहिलं होतं.