ड्रोन खाली उतरवा

पुण्यातल्या वाघोलीच्या दगडखाणींवरचे लघुपट हल्ली एकाच शॉटने सुरू होतात. ड्रोन वर चढतो, खाली भलामोठा काळा खड्डा दिसतो, बासरी वाजू लागते आणि विकासाची किंमत सांगणारा धीरगंभीर आवाज येतो. खाणीचा आकार कळला; काम कुठे आहे?

काम जमिनीवर आहे आणि त्याला स्वतःचा क्रम आहे. कॉम्प्रेसरवरच्या ड्रिलने भोके, मग सुरुंग, मग डंपरमधून क्रशरच्या जबड्यात पडणारा डबर, तिथून चाळण्या आणि पट्ट्यांच्या टोकाला खडीचे, कचेचे वेगवेगळे ढीग. पटकथा आणखी काय असते? काळा दगड फुटता फुटता राखाडी भुकटी होतो आणि ती भुवयांवर, जेवणाच्या डब्यावर बसते. हे सलग टिपले तर धुळीबद्दल निवेदनात एक वाक्य लागत नाही. डच दिग्दर्शक बर्ट हान्स्ट्राने 1958 च्या 'ग्लास' या लघुपटात काच फुंकणारे कारागीर आणि बाटल्या पाडणारे यंत्र निवेदनाशिवाय समोरासमोर ठेवले, तेही दहाएक मिनिटांत. ऑस्कर मिळाले. (जॅझ मात्र त्याने भरपूर वापरला; पण तो कारागिरांच्या फुगलेल्या गालांशी ताल धरणारा.)

आवाजाकडे तर आपले फारच दुर्लक्ष. क्रशरपाशी कॅमेऱ्यावरच्या माइकचा आवाज फाटतो, म्हणून तो ट्रॅकच काढून वर संगीत चढवले जाते. लेव्हल हाताने खाली ठेवा, थोड्या अंतरावरून वेगळे ध्वनिमुद्रण करा आणि क्रशर बंद होतो तो क्षण चुकवू नका. माणसांची बोलणी तेव्हाच ऐकू येतात.

ती बोलणी आपल्या सोयीची असतीलच असे नाही. राहुल जैन यांच्या 'मशीन्स'मध्ये गुजरातच्या कापड कारखान्यातले कामगार दिग्दर्शकालाच जाब विचारतात आणि तो भाग चित्रपटात ठेवला आहे. वाघोलीतही कुणीतरी विचारेलच. 'संतुलन' संस्थेने इथल्या खाणकामगारांच्या मुलांसाठी पाषाण शाळा काढल्या, 2021 मध्ये गाव महापालिकेत आले, खाणींच्या आसपास टॉवर उठले. पाहणारे पुष्कळ येऊन गेले. खाणमालकाची परवानगी म्हणजे कामगारांची नव्हे, आणि मुकादमासमोर मिळालेला होकार तर धरूच नका. पहिला कट खाणवस्तीत दाखवा, कुणी चेहरा काढा म्हणाले तर काढा, मगच महोत्सवांचे अर्ज भरा.